भेदरं, सॉस आणि टाकीमागचा वाफा

स्मरणिका समितीने माझ्याकडे सोसायटीचा आर्थिक इतिहास मागितला होता. बँकेत उभी हयात गेली आणि इथेही अनेक वर्षे खजिनदारी केली, म्हणून ती मागणी रास्तच होती. पण आर्थिक इतिहास ताळेबंदात छापलेला आहे आणि तो कोणी वाचत नाही, हेही मला ठाऊक आहे. म्हणून मी वेगळाच विषय घेतला. आपल्या किरकोळ खर्चाच्या वहीत २००३ पासून जवळपास दरवर्षी माघ-फाल्गुनात एक खाते उघडलेले दिसते. 'सॉस खाते'. साखर, व्हिनेगर, बुचे, गॅस सिलिंडर, आणि जमेला घरटी वर्गणी. ऑडिटर साहेबांनी एकदा विचारलेही होते, की हे काय प्रकरण आहे? त्यांना एक बाटली दिली, मग त्यांनी पुन्हा विचारले नाही.

तर हा त्या खात्याचा इतिहास. तो सांगायचा म्हणजे आधी टोमॅटोचा सांगावा लागेल.

आपल्याकडे जुनी माणसे टोमॅटोला 'भेदरं' म्हणतात. आजही इतवारा बाजारात एखादी म्हातारी "भेदरं कशी देल्ली वं?" असे विचारताना ऐकू येते आणि मला बरे वाटते. पुण्या-मुंबईकडच्या सुनांना हा शब्द पहिल्यांदा ऐकून हसू येते. त्यांना सांभार म्हणजे कोथिंबीर आणि गोडनिंब म्हणजे कढीपत्ता हेही आपल्यालाच शिकवावे लागले. जुन्या मराठीत या फळाला वेलवांगी म्हणत. त्यात तथ्य आहे, कारण वांगे, बटाटा, मिरची आणि टोमॅटो ही एकाच कुळातली भावंडे आहेत. त्यातले वांगे तेवढे आपल्या घरचे. बाकीची तिन्ही दक्षिण आणि मध्य अमेरिकेतून पोर्तुगीजांच्या वेळी समुद्रमार्गे आलेली. मिरचीला आपण लगेच पदरात घेतले. टोमॅटोला मात्र फार काळ दारातच उभे ठेवले. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत हिंदुस्थानात टोमॅटो लावला जाई तो मुख्यतः साहेबलोकांसाठी. बंगाल आणि ब्रह्मदेशात मात्र लोक तो आंबट कालवणात घालू लागले होते.

माझे बालपण दर्यापूरकडचे. तो पूर्णेकाठचा खारपाणपट्टा. विहिरीचे पाणी खारे, म्हणून भाजीपाल्याची बागाईत नाही. कापूस, ज्वारी, तूर, हरभरा एवढेच. भेदरं यायची ती आठवडी बाजारात, बाहेरून, आणि तीही हिवाळ्यात. आमची आजी सोवळ्याच्या स्वयंपाकात त्यांना शिवत नसे. लाल रंग, आत पाणी आणि बिया, कापले की मांसासारखे दिसते, हे तिचे कारण. अशी कारणे तेव्हा घरोघरी होती, आणि चातुर्मासात तर विचारायलाच नको. आई मात्र चुलीच्या निखाऱ्यावर भेदरं आणि हिरव्या मिरच्या भाजायची, साल काढून, कांदा-मीठ घालून हाताने कुस्करायची, वरून जवसाचे कच्चे तेल. ज्वारीच्या भाकरीबरोबर ते खाल्लेले ज्यांना आठवते त्यांना मी अधिक काही सांगायची गरज नाही.

पुढे वाचनात आले, की टोमॅटो सॉसच्या सर्वांत जुन्या छापील कृतींपैकी एक इटलीतल्या नेपल्सची आहे. अंतोनियो लातिनी नावाच्या गृहस्थाने ती सतराव्या शतकाच्या अखेरीस दिली. टोमॅटो निखाऱ्यावर भाजा, साल काढा, बारीक चिरा, त्यात कांदा, तिखट मिरची, थाइम नावाची सुगंधी पाने, मीठ, तेल आणि व्हिनेगर घाला. तो त्याला 'स्पॅनिश पद्धतीचा' म्हणतो. म्हणजे व्हिनेगर सोडले तर आमच्या आईची चटणीच की! आणि थाइमला जो वास असतो तो थायमॉल या द्रव्याचा. तेच द्रव्य आपल्या ओव्यात असते.

बाटलीतला सॉस ही मात्र वेगळी कथा. 'केचप' हा शब्दच मुळात चीनच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या खारवलेल्या माशांच्या रसाचा. इंग्रज व्यापाऱ्यांनी तो उचलला, विलायतेत नेऊन अळंबी, अक्रोड यांचे केचप केले. टोमॅटोचे केचप अमेरिकेत १८१२ मध्ये फिलाडेल्फियाच्या जेम्स मीज यांनी लिहून ठेवले आणि १८७६ पासून हाइन्झ कंपनीने ते बाटलीत भरून विकायला सुरुवात केली. आपल्याकडे १९५५ च्या फळ उत्पादन आदेशानंतर बाटलीवर एफपीओची खूण आली. आता ते काम २००६ च्या अन्न सुरक्षा कायद्याखाली चालते. केचप किंवा सॉस म्हणायचे तर त्यात विद्राव्य घनपदार्थ निदान २५ टक्के पाहिजेत, हा नियम आहे. गाड्यावर समोशाबरोबर जे लाल पाणी मिळते त्यात भोपळा किती आणि पीठ किती, हे ज्याचे त्याला माहीत. पिठाची शंका आली तर टिंक्चर आयोडीनचा एक थेंब टाकून पाहावा, निळे-काळे झाले की समजावे.

आता आपल्या सोसायटीकडे येतो.

मी बँकेत लागलो ते राष्ट्रीयीकरणानंतर काही वर्षांनी, आणि नोकरीचा बराच काळ अकोला-अमरावतीच्या शाखांत शेतीकर्जे पाहण्यात गेला. टोमॅटोसाठी कर्ज मागायला आलेल्या माणसाकडे आम्ही थोडे सावधपणेच बघायचो. कारण साधे आहे. आपल्याकडचा उन्हाळा पंचेचाळीस अंशांच्या पुढचा. दिवसाचे तापमान पस्तिसाच्या वर गेले की टोमॅटोची फुले गळतात, फळ धरत नाही. म्हणून सगळ्यांचा माल हिवाळ्यात, एकाच वेळी बाजारात येतो आणि भाव कोसळतो. कापूस घरात भरून ठेवता येतो, तूर ठेवता येते. भेदरं चार दिवस थांबत नाहीत. २०२३ च्या जुलैत आपण किलोला शंभराच्या वर मोजले आणि टीव्हीवर केवढी ओरड झाली! माघात शेतकरी कॅरेट रस्त्यावर ओततो तेव्हा तेवढी ओरड होत नाही. केंद्राने २०१८ च्या अर्थसंकल्पात टोमॅटो, कांदा आणि बटाट्यासाठी ५०० कोटींची 'ऑपरेशन ग्रीन्स' योजना आणली. हेतू उत्तम होता. पण आपल्या बाजारात अजूनही माघ म्हणजे माघच.

२००३ च्या हिवाळ्यात चांदूर बाजारकडचा माझा एक जुना खातेदार सकाळीच सोसायटीच्या फाटकाशी टेम्पो घेऊन उभा राहिला. बाजार समितीतून परत फिरला होता. म्हणाला, "साहेब, घ्या बाप्पा भेदरं, जे द्याचं ते द्या. व्यापारी भाड्याचे बी पैसे देऊन नाई रायला." तेव्हा सोसायटीत निम्मे प्लॉट रिकामे होते, घरे मोजकी. तरी आम्ही दहा कॅरेट उतरवून घेतले. घेतले खरे, पण दोन क्विंटल भेदरांचे करायचे काय? त्यावर आमच्या सौ. म्हणाल्या, "सॉस करू." अकोल्याला बदली असताना त्यांनी फळ-भाजी टिकवण्याचा एक छोटा वर्ग केला होता आणि त्याची वही जपून ठेवली होती.

त्या दिवशी टाकीजवळच्या मोकळ्या जागेत तीन भट्ट्या लागल्या. कोणी काय केले त्यांची नावे मी घेत नाही. एकीचे घेतले की बाकीच्या वहिनी रुसतील. मात्र दुसऱ्या गल्लीतल्या काकूंनी घरातले मोठे पितळी पातेले आणले तेव्हा त्याची कल्हई उडालेली होती, आणि ते परत पाठवण्यावरून जे रामायण झाले ते जुन्या सभासदांना आठवत असेल. आंबट पदार्थ कल्हईविना पितळेत कळकतो, हे आपल्या आज्यांना पक्के ठाऊक होते. स्टीलची पातेली आली आणि हे ज्ञान विस्मरणात गेले. बाटल्यांचाही प्रश्न होता. भंगारवाल्याकडे ज्या मिळाल्या त्या बिअरच्या. त्या उकळून घेतल्या तरी एका काकाजींनी जेवणाच्या टेबलावर ती बाटली शेवटपर्यंत ठेवू दिली नाही. त्यांच्या घरचा सॉस बरणीतच राहिला.

कृती पुष्कळ जणी विचारतात, म्हणून वहीत आहे तशी देतो. लाल, पिकलेली पण न फुटलेली भेदरं धुवून, चिरून शिजवावी आणि चाळणीतून गाळून साल-बिया काढाव्या. एक किलो गरास ७५ ग्रॅम साखर, १० ग्रॅम मीठ, ५० ग्रॅम कांदा, ५ ग्रॅम लसूण, १० ग्रॅम आले, आणि लाल तिखट, दालचिनी, लवंग आपापल्या बेताने. कांदा-लसूण-आले आणि गरम मसाला ठेचून मलमलच्या पोटलीत बांधून गरातच सोडायचा आणि मधून मधून पळीने पोटली दाबायची. साखर एक तृतीयांश आधी, बाकीची शेवटी, म्हणजे रंग काळवंडत नाही. मूळ गराच्या तिसऱ्या हिश्शापर्यंत आटवायचे. स्टीलच्या ताटलीवर थेंब टाकला की भोवती पाणी सुटता कामा नये. मग २५ मिली व्हिनेगर. वर्षभर ठेवायचा असेल तर तयार सॉसच्या किलोला पाव ग्रॅम सोडियम बेन्झोएट थोड्या पाण्यात विरघळवून घालावे. ते नाव ऐकून घाबरू नये, कायद्याने सॉसला त्याच्या दुपटीहून अधिक चालते. बाटल्या अर्धा तास उकळलेल्या, सॉस गरम असतानाच भरलेला, वर दोन बोटे जागा सोडलेली, आणि बूच लावून पुन्हा अर्धा तास गरम पाण्यात उभ्या केलेल्या. यातले काही गाळायचे नाही. टोमॅटोचा आंबटपणा हाच त्याचा मुख्य राखणदार आहे, आणि व्हिनेगर त्याच्या जोडीला.

पानांचा प्रयोग नंतर आला. टाकीच्या ओव्हरफ्लोचे पाणी वाया जाई, तिथे २००५ च्या सुमारास बायकांनी वाफा केला. पुदिना, सांभार, गोडनिंब, पानओवा. कुणी उन्हाळ्यात बिया हव्यात म्हणून सब्जा लावला, कुणी वेणीत माळायला मरवा. आमच्या इमारतीतली एक मुलगी शिकायला परदेशी गेली होती, ती सुटीत आली आणि वाफ्यापाशी बसून पाने चुरगाळत म्हणाली, "काका, हे तर बेसिल आहे!" तिचे खरे होते. इटलीचे लोक सॉसमध्ये जे बेसिल घालतात ते आणि आपला सब्जा ही एकाच जातीची झाडे. देवापुढची तुळस त्यांची चुलत बहीण. आणि मरवा पिझ्झावरच्या ओरेगॅनोच्या घरातला. ज्यासाठी मुले पाकिटे विकत आणतात ते आपल्या बायका केसांत माळत होत्या.

पण हिरवी पाने बाटलीत टाकायची नाहीत, यावर सौ. ठाम राहिल्या. ओल्या पानाला आंबटपणा नसतो आणि त्याच्याबरोबर बुरशी आत जाते. म्हणून मरवा आणि सब्जा शेवटची दहा मिनिटे वेगळ्या पोटलीत. पानओव्याची दोनच पाने, नाहीतर सॉस काढ्यासारखा लागतो. सांभार आणि पुदिना उकळला की त्यांचा वासच उडून जातो, ते खाताना वरून घालावे. माझे वैयक्तिक मत असे की मरव्याच्या सॉसला तोड नाही आणि सब्जाचा थोडा गोडच लागतो. सौ.चे मत उलट आहे. इतक्या वर्षांत आमचे एवढ्या एका मुद्द्यावर एकमत झालेले नाही.

गेल्या काही वर्षांत सॉस खात्याची उलाढाल घटत गेली, हे वहीतच दिसते. पहिल्या पिढीतल्या चार जणी आता नाहीत. दोघी मुलांकडे पुण्याला गेल्या. नव्या सुना नोकरी करतात, त्यांना रविवार एकच मिळतो. मॉलमध्ये बाटलीवर बाटली फुकट मिळते, तेव्हा दिवसभर भट्टीपाशी का उभे राहावे, असे तरुण मंडळी विचारतात. हिशेबाने ते चूक नाही. मी स्वतः खर्च काढून पाहिला आहे, आपला सॉस फार स्वस्त पडत नाही. फरक एवढाच, की त्यातला पैसा चांदूर बाजारला जातो आणि दिवसभर सगळी गल्ली एका ठिकाणी असते.

वाहने मात्र वाढली. टाकीमागच्या वाफ्यावर पेव्हर ब्लॉक टाकून आठ मोटारींची जागा करावी, असा प्रस्ताव जानेवारीतल्या विशेष सर्वसाधारण सभेपुढे आहे. पार्किंगची अडचण खरी आहे, माझ्या फाटकासमोरही रोज कोणाची तरी गाडी उभी असते. मरवा कुंडीत लावता येईल, पण गोडनिंबाचे झाड आता दोन पुरुष उंच झाले आहे, ते हलणार नाही. आठाऐवजी सहा गाड्या बसवून झाड आणि निम्मा वाफा ठेवता येतो का, याचा नकाशा मी मोजमाप घेऊन सचिवांकडे दिला आहे. सभासदांनी तो सभेपूर्वी पाहावा, कार्यालयात ठेवलेला आहे.

तो खातेदार आता थकला, शेती मुलगा पाहतो. त्याचा परवाच फोन आला होता. "काकाजी, यंदा किती कॅरेट ठेवू?" मी त्याला सभा झाल्यावर सांगतो म्हणालो आहे.