पावसाळ्यापुरती स्थगिती

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण ज्याच्या नावावर सातबारा आहे अशा गृहस्थासाठी झाली असावी. ज्याचे छप्पर उद्या सकाळी उतरायचे आहे, त्याला हे शहाणपण परवडत नाही. मूळ वादाचा निकाल लागेल तेव्हा लागो. आज हुकमाची बजावणी थांबवणारा एक कागद त्याला हवा असतो. कायदा त्यास अंतरिम मनाईहुकूम म्हणतो, आपण सारे 'स्टे' म्हणतो. या कागदाचे बळ आणि तोकडेपण एकत्र पाहावयाचे, तर मुंबईच्या पदपथवासीयांचा खटला उघडावा.

१३ जुलै १९८१ रोजी तेव्हाचे मुख्यमंत्री बॅ. ए. आर. अंतुले यांनी जाहीर केले की, पदपथांवरील सर्व लोकांना हटवून त्यांच्या मूळ गावी किंवा शहराबाहेर पाठवले जाईल. पावसाळ्यात या लोकांना तेथे नीट राहता येत नाही, हेही एक कारण सांगण्यात आले. म्हणजे पावसात हाल होतात म्हणून भर पावसात छप्पर काढावयाचे! महापालिकेच्या हाती १८८८ च्या अधिनियमाचे ३१४ वे कलम होते. रस्त्यावरील अडथळा पूर्वसूचना न देता दूर करण्याचा अधिकार ते आयुक्तांस देते.

पार्ल्याला हमरस्त्यालगत असलेल्या कामराजनगरचे रहिवासी उच्च न्यायालयात गेले. २१ जुलैपर्यंत मनाईहुकूम मिळाला. त्या दिवशी प्रतिपक्षाने १५ ऑक्टोबरपर्यंत झोपड्या न पाडण्याचे मान्य केले. तरी २३ जुलै रोजी आपल्याला एस.टी.च्या गाड्यांत कोंबून शहराबाहेर धाडण्यात आले, अशी अर्जदारांची तक्रार निकालपत्रात नमूद आहे. या मुदतीला किंमतही पडली. सार्वजनिक रस्त्यावर झोपडी बांधण्याचा मूलभूत हक्क आम्हांस नाही आणि १५ ऑक्टोबरनंतर आम्ही आडवे येणार नाही, असे अर्जदारांच्या वतीने कबूल करण्यात आले. अडलेला माणूस तीन महिन्यांसाठी काय लिहून देतो, ते येथे दिसते.

पुढे पत्रकार ओल्गा टेलिस आणि इतरांचे अर्ज सर्वोच्च न्यायालयात आले, तेव्हा हीच कबुली सरकारपक्षाने पुढे केली. १० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांच्या पाच जणांच्या पीठाने ती बाजूस सारली: घटनेने दिलेला हक्क कोणी कबुलीने गमावत नाही. त्याच निकालात, जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, हे मान्य झाले. आमच्या मते खटल्याचे मोठेपण यात आहे. पण झोपडी वाचली का? नाही. कलम ३१४ वैध ठरले. सूचना देणे हा नियम आणि न देणे हा अपवाद, असा त्याचा अर्थ लावला गेला खरा. परंतु रहिवाशांचे म्हणणे आम्ही येथे ऐकलेच आहे, तेव्हा आता वेगळी सुनावणी नको, असेही न्यायालयाने म्हटले. हक्क मिळाला आणि जागा गेली!

मग हाती उरली ती पुन्हा मुदतच. १९७६ च्या गणनेत ज्यांची नोंद होती, त्यांना मालवणी किंवा अन्य सोयीच्या ठिकाणी जागा द्यावी असे ठरले. मात्र ती दिल्याखेरीज हटवता येणार नाही, अशी अट घातली नाही. नोंद नसलेल्यांना एवढेही नव्हते. पावसाळा सरल्यावर आणखी एक महिना, म्हणजे ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, नोंद असलेल्या वा नसलेल्या कोणाही पदपथवासीयास हलवू नये, असा आदेश झाला.