अनुबोधपट, स्मृतिविषयक
अनुबोधपट, स्मृतिविषयक : युद्ध, फाळणी, दंगली, सामाजिक अत्याचार इ. आघातांच्या पिढ्यान्‌पिढ्या टिकून राहिलेल्या आठवणींची नोंद करणारा अनुबोधपटाचा (माहितीपटाचा) एक प्रकार. आघात प्रत्यक्ष न सोसलेल्या पिढीपर्यंतही तो वडीलधाऱ्यांच्या बोलण्यातून व तितकाच त्यांच्या मौनातून पोहोचतो, ही या प्रकारामागील मूलभूत जाणीव होय.

आलँ रेने यांनी नाइट अँड फॉग (१९५६) या पटात नाझी छळछावण्यांची जुनी चित्रणे व त्याच जागांची नंतरची ओसाड दृश्ये एकत्र गुंफली. क्लोद लांझमान यांनी शोआ (१९८५) या नऊ तासांहून अधिक लांबीच्या पटात जुनी चित्रणे कटाक्षाने टाळून केवळ साक्षींवर भर दिला. भारतात सुप्रियो सेन यांच्या वे बॅक होम (२००३) या पटात फाळणीने विस्थापित झालेल्या आईवडिलांचा जन्मभूमीकडील प्रवास आहे.

महाराष्ट्रातील महत्त्वाचे उदाहरण म्हणजे आनंद पटवर्धन यांचा जय भीम कॉम्रेड (२०११). मुंबईतील रमाबाई आंबेडकर नगरात ११ जुलै १९९७ रोजी झालेल्या पोलीस गोळीबारात दहाजण मृत्युमुखी पडले. त्यानंतर लोकशाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. सुमारे चौदा वर्षे चित्रित होत राहिलेल्या या पटात दुःखाची स्मृती शाहिरी गाण्यांतून कशी टिकते व प्रतिकाराचे बळ कसे देते, हे दिसते.

मराठवाड्यात अशा नोंदीसाठी विपुल व अवघड सामग्री आहे. नांदेड जिल्ह्यातील धर्माबाद, उमरी, बिलोली हा परिसर हैदराबाद मुक्तिसंग्रामात अग्रभागी होता. बिलोली तालुक्यातील अर्जापूर येथे १९४६ मध्ये गोविंदराव पानसरे यांची हत्या झाली. ३० जानेवारी १९४८ रोजी स्वातंत्र्यसैनिकांनी उमरीच्या बँकेवर धाड घातली. रझाकारांच्या अत्याचारांच्या कथा घरोघरी सांगितल्या गेल्या व १७ सप्टेंबरच्या मुक्तिदिनामुळे त्यांना सार्वजनिक स्थान मिळाले. पोलीस कारवाईच्या वेळी व त्यानंतर मुसलमानांची जी हत्या झाली, तिची स्मृती मात्र बव्हंशी कुटुंबांतच राहिली. पंडित सुंदरलाल समितीने संस्थानातील मृतांचा अंदाज २७,००० ते ४०,००० असा दिला आणि अधिक झळ पोहोचलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद, गुलबर्गा व बीदर यांबरोबर नांदेडचाही समावेश केला. तथापि हा अहवाल शासनाने अनेक दशके प्रसिद्ध केला नाही. पुढे २७ जुलै १९७८ रोजी विद्यापीठ नामांतराचा ठराव संमत झाल्यावर दलित वस्त्यांवर हल्ले झाले. नांदेड जिल्ह्यात पोचीराम कांबळे मारले गेले.

या तिन्ही स्मृती एकाच भूमीतील असूनही त्या क्वचितच एकत्र सांगितल्या जातात. एकीचा उच्चार दुसरीचा इन्कार ठरू नये, यासाठी अनुबोधपटकाराला सर्व बाजूंच्या साक्षी ऐकाव्या लागतात, कथन कागदपत्रांशी ताडून पाहावे लागते आणि साक्षीदाराची संमती व त्याचा मौनाचा हक्क जपावा लागतो. केवळ चित्रणाने जखम भरून येत नाही; पण आपले ऐकले गेले, हा अनुभव पुष्कळदा उपशमाची पहिली पायरी ठरतो. १९४८ मध्ये दहा वर्षांची असलेली मुले आता नव्वदीकडे झुकली आहेत. त्यामुळे त्यांच्या साक्षी नोंदविण्याचे काम निकडीचे झाले आहे.