गोखले, विक्रम चंद्रकांत
(१४ नोव्हेंबर १९४५–२६ नोव्हेंबर २०२२). रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या तिन्ही माध्यमांत पाच दशके वावरलेले मराठी अभिनेते व दिग्दर्शक. जन्म व निधन पुण्यात. घराण्यात अभिनयाची परंपरा होती. पणजी दुर्गाबाई कामत आणि आजी कमलाबाई गोखले या दोघी दादासाहेब फाळके यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’ (१९१३) या मूकपटात होत्या. स्त्रियांच्या भूमिकाही पुरुष करीत असत, त्या काळात पडद्यावर आलेल्या या पहिल्या भारतीय अभिनेत्री. वडील चंद्रकांत गोखले हेही नामवंत नट होते.

जयवंत दळवी यांच्या ‘बॅरिस्टर’ या नाटकातील शीर्षकभूमिकेने विक्रम गोखले यांचे रंगभूमीवरील स्थान पक्के झाले. मोजके शब्द, अर्थपूर्ण विराम आणि बोलकी नजर ही त्यांच्या अभिनयाची वैशिष्ट्ये. घशाच्या विकारामुळे २०१६ मध्ये त्यांनी रंगभूमीवरून निवृत्ती घेतली. पडद्यावरील काम मात्र चालू ठेवले.

‘कळत नकळत’, ‘नटसम्राट’ व ‘गोदावरी’ हे त्यांचे उल्लेखनीय मराठी चित्रपट. हिंदीत ‘परवाना’ (१९७१), ‘अग्निपथ’ (१९९०) आणि ‘हम दिल दे चुके सनम’ (१९९९) यांत त्यांनी भूमिका केल्या. ‘अग्निहोत्र’ या मालिकेने ते घराघरांत पोहोचले. ‘आघात’ (२०१०) हा त्यांनी दिग्दर्शित केलेला चित्रपट. रंगभूमीवरील अभिनयासाठी संगीत नाटक अकादमी पुरस्कार (२०११) व गजेंद्र अहिरे यांच्या ‘अनुमती’साठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार (इरफान खान यांच्यासह विभागून) त्यांना लाभला.