जुने चित्रपट, अनधिकृत प्रती आणि स्मृती : जालना जिल्ह्याच्या संदर्भात

१ मे १९८१ रोजी जालना जिल्हा अस्तित्वात आला. त्याच दशकात व्हिडिओ कॅसेटमुळे चित्रपट प्रेक्षकाच्या घरात पोहोचला. एकेकाळी जत्रेतील तंबूत पाहिलेला चित्रपट पुन्हा पाहण्याची सोय झाली; तिच्यासोबत अनधिकृत प्रतीही आल्या. त्यांना आळा घालण्यासाठी १९८४ मध्ये प्रताधिकार कायद्यात दुरुस्ती करण्यात आली. पुढे कॅसेटची जागा सीडीने व नंतर इंटरनेटने घेतली. मूळ प्रश्न मात्र कायम राहिला.

हा प्रश्न केवळ चोरीचा नाही, तो जतनाचाही आहे. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये पुणे येथे स्थापन झाले. जालन्यापासून ते सुमारे ३०० किलोमीटर दूर आहे. पुस्तकाची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयास देणे १९५४ च्या कायद्याने बंधनकारक आहे. चित्रपटाबाबत तसा कायदा नाही. 'आलम आरा' (१९३१) या पहिल्या भारतीय बोलपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मवरील अनेक दुर्मीळ चित्रपट नष्ट झाले. एकाच ठिकाणचा साठा किती असुरक्षित असतो, हे त्यावरून स्पष्ट होते.

तथापि अनधिकृत प्रत हा त्यावरील उपाय नव्हे. अशा प्रतींत श्रेयनामावली गाळलेली, गाणी कापलेली व लांबी घटलेली आढळते. स्मरणरंजनाला ती पुरेशी वाटते. इतिहासाचे साधन म्हणून मात्र ती अविश्वसनीय ठरते.

येथे कायद्याची मर्यादाही लक्षात घ्यावयास हवी. चित्रपटाचा प्रताधिकार प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे टिकतो. 'जगाच्या पाठीवर' (१९६०) या चित्रपटाची मुदत २०२० अखेर संपली. गीत-संगीताचे हक्क मात्र स्वतंत्र असतात. म्हणजेच मुदत संपली तरी चांगली प्रत आपोआप हाती येत नाही. २०२३ च्या चलच्चित्र दुरुस्ती कायद्याने अनधिकृत प्रतीसाठी किमान तीन महिने कारावासाची तरतूद केली. प्रत जतन करण्याचे बंधन मात्र कोणावरही घातले नाही.

जिल्ह्यातील महाविद्यालयांना या बाबतीत दोन कामे हाती घेता येतील : अधिकृत प्रतींचा, लांबी व स्रोताच्या नोंदीसह, संग्रह करणे आणि तंबूतील चित्रपट पाहिलेल्या वृद्धांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करणे. पहिले काम उशिराही करता येईल. दुसरे मात्र या पिढीबरोबर कायमचे हातचे जाईल.