देव निम्फ पळवतो, जमीन कोणाची जाते?

ग्रीक पुराणकथा मराठीत सांगताना 'निम्फ'ला सर्रास 'अप्सरा' म्हणतात. मला ते पटत नाही. अप्सरा इंद्राच्या दरबारात नाचते. निम्फ राहते झऱ्यात, झाडात, डोंगरावर. ती त्या जागेचीच असते. आणि ग्रीक भाषेत याच शब्दाचा दुसरा अर्थ आहे नवरी. जागा आणि नवरी, दोन्ही एकाच शब्दात. हे ध्यानात ठेवा मित्रांनो.

आता देवांचे प्रताप बघा. अपोलो डॅफ्नीच्या मागे लागला. पळता पळता ती लॉरेलचं झाड झाली. यानं तिच्याच फांद्या तोडून आपला मुकुट केला. झ्यूसनं कॅलिस्टोला फसवलं. गुन्हा देवाचा आणि अस्वल व्हायची शिक्षा पोरीला! इजायनाला त्यानं उचलून नेलं. तिचा बाप असोपस, म्हणजे नदी, जाब विचारायला मागे गेला तर त्याच्यावर वीज टाकली. पोरीला जिथं नेलं त्या बेटाचं नाव मात्र इजायना.

पंडित म्हणतात, ही निसर्गाची रूपकं. असतील. पण जोतीरावांनी 1873 साली 'गुलामगिरी'त अवतारांच्या कथांना विचारलं होतं, कोणी कोणाला जिंकलं? तोच सवाल मी इथं टाकतो. उत्तरासाठी एकच गाव घेऊ, किरीनी. आजच्या लिबियात त्याचे अवशेष आहेत.

पिंडार या कवीनं इ.स.पू. 474 मध्ये किरीनीच्या एका धावपटूच्या विजयावर गाणं रचलं. त्यात किरीनी ही नदीदेवाची नात. पेलिऑन डोंगरावर ती नुसत्या हातांनी सिंहाशी झुंजते. अपोलो तिला बघतो आणि सोन्याच्या रथात घालून समुद्रापार लिबियात नेतो. तिथं लिबिया देवी तिचं स्वागत करते, वर रीतसर जमिनीचा वाटा देते. म्हणजे जमीन कोणी घेतली नाही, आहेर म्हणून आली!

आता हिरोडोटस वाचा. तो काय सांगतो? थेरा बेटावर सात वर्षं पाऊस नाही. अपोलोच्या डेल्फीहून हुकूम आला, लिबियात वसाहत करा. माणसं निवडून दोन गलबतांत घातली. परत आली तर त्यांच्याच लोकांनी त्यांना किनाऱ्याला लागू दिलं नाही. म्हणजे आलेलेही उपाशी, हाकललेले. हे लपवायचं कारण नाही. शेवटी लिबियन लोकांनीच त्यांना झऱ्यापाशी आणून सोडलं. इरासा नावाची सगळ्यात चांगली जागा नजरेस पडू नये म्हणून तेवढ्या वाटेनं रात्री नेलं. साल अंदाजे इ.स.पू. 631. त्या झऱ्याला नाव पडलं अपोलोचं. पाणी दाखवलं कोणी, नाव कोणाचं!

दोन पिढ्यांनी डेल्फीनं पुन्हा दवंडी दिली, जमीन वाटप चालू आहे, उशिरा येईल तो पस्तावेल. ग्रीकांची झुंबड उडाली. लिबियन लोकांची जमीन कापली गेली. त्यांचा राजा अडिक्रान यानं इजिप्तच्या फारोकडे मदत मागितली. इ.स.पू. 570 च्या सुमारास लढाई झाली, इजिप्तची फौज कापली गेली. लढाई झाली ती इरासातच, रात्रीच्या अंधारात लपवलेल्या त्याच जागी.

शंभरेक वर्षांनी पिंडार गातो तेव्हा अडिक्रान गाण्यात नाही. आहे तो रथ, नवरी आणि आहेर. लूट लग्न म्हणून सांगितली की लुटारू जावई होतो. जावयाकडे सातबारा कोण मागणार?

सिनोपी नावाची एक निम्फ मला आवडते. झ्यूस म्हणाला, मागशील ते देईन. शब्द पक्का करून घेतला आणि मग तिनं मागितलं, मला कुमारीच राहू दे. देव तोंडात मारल्यागत गप्प. पुढं अपोलोलाही तिनं तसंच गंडवलं. अंग वाचवलं पोरीनं. पण काळ्या समुद्रावर मिलेटसच्या ग्रीकांची वसाहत उभी राहिली, ती तिच्याच नावानं.

म्हणून म्हणतो, देवाची प्रेमकथा हाती आली की ती कुठल्या गावात घडली ते आधी विचारा. मग त्या गावात पूर्वी कोण राहत होतं ते शोधा.