एआयसीटीईचे अधिकार कुठे संपतात?

खासगी इंजिनीअरिंग कॉलेजला एआयसीटीईची मान्यता लागते, मग विद्यापीठाच्या स्वतःच्या विभागाला का नाही?

1945 मध्ये ही परिषद स्थापन झाली ती निव्वळ सल्लागार म्हणून. 1987 च्या कायद्याने तिला मान्यता देण्याचे अधिकार मिळाले. पण त्याच कायद्यात ‘तांत्रिक संस्था’ची व्याख्या करताना विद्यापीठं वगळली होती. भारतीदासन विद्यापीठाच्या खटल्यात (2001) सर्वोच्च न्यायालयाने नेमकं यावरच बोट ठेवलं: नव्या तांत्रिक अभ्यासक्रमासाठी विद्यापीठाला परिषदेची पूर्वपरवानगी नको, दर्जा मात्र पाळावा लागेल. परिषद विद्यापीठाची तपासणी करून शिफारशी करू शकते.

अभिमत विद्यापीठांना ही सूट आहे का? अशा चार विद्यापीठांनी मान्यतेशिवाय दूरस्थ पद्धतीने इंजिनीअरिंगच्या पदव्या दिल्या होत्या. नोव्हेंबर 2017 मध्ये न्यायालयाने सांगितलं, मान्यता हवीच होती. 2001 ते 2005 या सत्रांत प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या निलंबित झाल्या, त्या टिकवायच्या तर परिषदेची परीक्षा द्यायची. त्यानंतर प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या तर रद्दच झाल्या. वाद संस्थांच्या अधिकारांचा, भुर्दंड मात्र विद्यार्थ्यांना.

म्हणून नियामक संस्थांवर संशोधन करणार असाल, तर कायद्यातली अधिकारांची यादी नंतर वाचा. आधी व्याख्यांचं कलम वाचा. कोण कायद्याच्या आत आणि कोण बाहेर, हे तिथेच ठरतं.