हुद्द्याचे आडनाव झाले तेव्हा
सातारा-सांगलीकडे ‘पाटील’ हे मुळात आडनाव नव्हे, हुद्दा होय. इंग्लंडातही ‘रीव्ह’ म्हणजे गावकारभारी. पुढे त्याचे आडनाव झाले. आपल्याकडे हुद्दा वंशपरंपरागत वतन असल्याने त्याने मूळ कुळीच झाकली. येडेमच्छिंद्रचे क्रांतिसिंह नाना पाटील मूळचे पिसाळ. तलाठ्याची नोकरी सोडून ते कायदेभंगात उतरले. १९४३ पासून त्यांच्या प्रतिसरकारने गावोगावी न्यायनिवाडे केले. काम जुन्या पाटलाचेच, पण वतनावाचून! औंधचे पंतप्रतिनिधी तर मूळचे किन्हईचे कुलकर्णी; म्हणजे एका हुद्द्यावर दुसरा चढला. कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने गेली, मुलकी पाटीलकी १९६२ च्या. आडनावे मात्र कोणी खालसा केली नाहीत.